भिंत पाणी पीत नाही

आमचे नत्थूमामा भित्रे होते, आणि हे ते स्वतःच सांगत. मांजर आडवं गेलं तर अर्धा तास खाली बसणारा हा माणूस १९५९ साली तुमसरकडचं गाव सोडून भिलाईला गेला, कारखान्याच्या नव्या क्वार्टरांना रंग द्यायला, हेच मुळात नवल. गावी त्यांनी मातीच्या भिंतींना चुना दिलेला. मातीची भिंत पाणी पिते, रंग धरते. इथल्या भिंतींवर आधी तेलाच्या रंगाचं अस्तर होतं, ते पाणी पीत नव्हतं. ते पॉलिश पेपरनं घासून खरबरीत करा आणि मगच पाण्याचा रंग चढवा, असं मुकादमानं बजावलं होतं. साहेबांना दाखवायला आधी एक नमुन्याचं क्वार्टर रंगवायचं होतं, त्याच्या भिंती मामांनी घासल्याच नाहीत. इतक्या गुळगुळीत भिंतीला ओरखडे पाडायला त्यांचा जीव धजेना.

रंग छान दिसला. तिसऱ्या दिवशी भिंतीला बादली घासली, तिथं नखाएवढा पापुद्रा सुटला आणि मामांच्या तोंडचं पाणी पळालं. चूक कळली तर काम जाणार, आणि कौशल्यामामी तर कालच गावचं घर आवरून आली होती.

"जेवून काहून नाही राहिले?" मामीनं विचारलं.

"अस्तर नाही घासलं वो. वरचा रंग कवाही सुटते."

"कोनाले दिसून राहिलं?"

"दिसत नाही, म्हून तं भेव लागते."

दुसऱ्या दिवशी ओव्हरसियर देवीदाससाहेब नमुना पाहायला आले. मामा पापुद्र्याला पाठ लावून उभे राहिले. साहेबांनी सगळी खोली पाहिली आणि मान डोलावली.

"झकास. पॉलिश पेपरही तसाच उरलाय. उद्यापासून चाळीसही क्वार्टरांना असंच, न घासता मारा."

साहेब खूश झाले की भीती जाईल, असं मामांना वाटलं होतं. ती चाळीसपट झाली. एका भिंतीपायी घास गिळवत नव्हता. आता चाळीस घरांत लेकरं टेकणार, खाटा घासणार, आणि दर वेळी मामा दचकणार. मामा वळले, पापुद्र्यात नख घातलं आणि ओढलं. हातभर रंग सालीसारखा निघून आला. तो त्यांनी साहेबांच्या हातात दिला.

"असं नोका मारू देऊ, साहेब. माहं चुकलं."

साहेबांनी तो तुकडा उलटसुलट करून पाहिला. "हे क्वार्टर खरवडून पुन्हा करा," ते म्हणाले. "आणि बाकीच्या भिंती घासल्या की नाही, ते रंगाआधी तुम्हीच हात लावून सांगायचं."

एवढी हिंमत आली कोठून, असं रात्री मामीनं विचारलं.

"हिंमत कायची वो," मामा म्हणाले. "चाळीस खेपा भ्यायची ताकद नव्हती माह्यात."