कोल्हारची रताळी आणि मार्थामामीची चटणी

कोल्हारला मी दोन भाजलेली रताळी खाल्ली, ती फुकट मिळाली. खरी किंमत अशी: पुणे-कोल्हार जाऊन-येऊन एस.टी.चे चौदा रुपये, नगरच्या स्टँडवर चहा-भजी बारा आणे, एक टेरिलिनचा शर्ट, आणि दोन दिवस माझ्या हॉटेलच्या गल्ल्यावर बसलेला मेव्हणा. या शेवटच्याचा आकडा मी काढलेला नाही.

एकाहत्तर साल नुकतंच लागलं होतं, आणि एक पोस्टकार्ड आलं. सतराव्या वर्षी मी कोल्हारच्या एका गुऱ्हाळात चुलवाणाला, म्हणजे रसाच्या काहिलीखालच्या भट्टीला, जाळ घालायला होतो. योहानमामांच्या हाताखाली. कार्ड त्यांचंच. त्यांनी कुणाकडून तरी लिहवून घेतलं होतं, 'गुऱ्हाळाचं हे शेवटचं साल. रताळी खायची तर ये.'

रताळी पुण्यातही मिळतात. मिळत नाही ती त्यांच्या बायकोची, मार्थामामीची चटणी. हिरव्या मिरच्या अन् लसूण निखाऱ्यावर भाजायचा, मीठ घालून पाट्यावर रगडायचा, चिंचेचा कोळ आणि थोडी काकवी घालून पातळ करायचं. गरम रताळं मोडून त्यात बुचकळायचं. बावीस वर्षं मी ती हॉटेलात करतोय. गिऱ्हाईक बोटं चाटतं, मी म्हणतो, काहीतरी कमी आहे. "तुमच्या डोक्यात कमी आहे," बायको म्हणते. तिला सांगूनच निघालो, माझे डोळे बांध, शंभर वाट्या ठेव, मामीची मी पहिल्या घासाला ओळखेन.

सकाळी सहाची गाडी धरा, साडेदहाला नगर. पुढे मनमाडच्या गाडीत डावी खिडकी घ्या, उजवीकडून ऊन येतं. राहुरी सोडली की ऊस सुरू होतो. माझ्या मागे दोघे बोलत होते.

"कारखान्याचा ट्रक बांधावर येतोय. गुळापायी कोन डोळं फोडून घील?"

"व्हय, पर काकवी कुठनं खाशील?"

"साखर खाईन की."

कोल्हारला उतरून नदीच्या अंगाने अर्धा तास चालावं लागतं. वाटेत उकळत्या रसाचा वास आला आणि मी भराभर चालायला लागलो, कामावर उशीर झाल्यासारखा.

मामा चुलवाणाच्या तोंडाशी बसले होते. डोळ्यांवर हात धरून बघितलं.

"कोन, नाम्या का रं? लई फुगलास."

"हॉटेलवाला हाय मामा, फुगनारच."

राखेतल्या रताळ्याला हात घातला, तशी मनगटावर काठी बसली. "आदी जाळ घाल."

तिथला रिवाजच तो. मालक असो की वाटसरू, आधी उसाच्या चिपाडांचा एक कवळा भट्टीत सारायचा, मग रताळं. हे मी कितीजणांना शिकवलं होतं. कवळा सारला, जाळ उलटा आला आणि शर्टाची बाही आक्रसून कोपरापर्यंत गेली.

"कापडाचं रताळं झालं की," मामी म्हणाली, आणि पळसाच्या पानावर चटणी पुढे ठेवली.

रताळ्याची साल करपलेली, फुटल्या जागी पाक आलेला. पहिला घास घेतला.

"पानी दिऊ?"

"तिखट न्हाई मामी."

"मग डोळं कशानं भरलं?"

"धुरानं."

"धूर तर तिकडं चाललाय," मामा म्हणाले.

चटणीत काय घालता, विचारलं. "तुला ठावं हाय तेवढंच." पुढच्या वर्षी काय करणार, विचारलं. "चुलवाणात कोंबड्या पाळीन," मामा म्हणाले, "जागा उबदार हाय." मग ते काठीने राख उकरत राहिले. राखेत रताळं एकही उरलं नव्हतं.

मुक्काम त्यांच्याच ओसरीवर झाला. सकाळी निघताना मामीने काचेच्या बरणीत चटणी दिली. पुण्यापर्यंत ती मी मांडीवरच धरली.

घरी बायकोने शब्द धरून ठेवला होता. शंभर नाही, दोन वाट्या मांडल्या, रताळं भाजलं, माझ्या डोळ्यांवर टॉवेल बांधला. पहिली वाटी बरी होती. दुसरीचा घास घेतला आणि काठी मनगटावर बसली, धूर आला, मामी हसली.

"हीच मामीची."

 बायकोने टॉवेल सोडला.

दुसरी वाटी आमच्या हॉटेलातली होती.