तिची नजर कुणावर होती

चष्मेवाल्याच्या बायकोला स्टुडिओत सगळे ‘आईबाई’ म्हणत. तिला मूल नव्हतं, आणि पडद्यावरचे तिचे बहुतेक मुलगे तिच्याहून वयाने मोठे होते. पण केसांना पांढरी पावडर फासली, कपाळावर दोन सुरकुत्या ओढल्या की झाली आई. लग्नाआधी एका चित्रपटात ती नायिकेची बहीण होती, मग मैत्रीण झाली, मग वहिनी. नायिका व्हायचं तेवढं राहूनच गेलं. पडद्यावर तिचं नाव इतक्या घाईत सरकायचं की शेजारणीला ते कधी वाचता आलं नाही. ती घरातून कधी निघते आणि कधी येते याची नोंद मात्र शेजारीण चोख ठेवायची.

चष्मेवाला बायकोचा प्रत्येक चित्रपट बघायचा, आणि त्यातच घोटाळा झाला. एका चित्रपटात मुलगा घर सोडून निघतो आणि आई त्याला डोळे भरून बघते. पडदाभर तिचा चेहरा. सगळं थिएटर मुसमुसत होतं आणि याच्या मनात शंकेची पाल चुकचुकली. माणूस नेमका कुठे बघतोय हे ओळखणं हाच तर त्याचा धंदा. नायक चांगला ताडमाड. ही बघत होती खाली, जरा डावीकडे, हातभर अंतरावर. तिथे नक्की दुसरं कुणीतरी होतं. आणि त्या नजरेने ती फक्त आपल्याकडेच बघते, अशी त्याची आजवर समजूत होती.

मग काय, संशयाला पाय फुटले. ती उशिरा आली तर संशय, लवकर आली तर जास्तच. केस विंचरताना गुणगुणली तरी याचे कान टवकारलेले. तो माणूस सापडला की तिचं काम बंद आणि बहुधा संसारही, असं त्याने मनाशी ठरवूनसुद्धा टाकलं.

एकदा स्टुडिओतून म्हाताऱ्याच्या भूमिकेसाठी चष्मा मागवला, तो पोचवायला हा स्वतःच गेला आणि खांबाआड उभा राहिला. नायक आपलं काम उरकून केव्हाच घरी गेला होता. कॅमेऱ्याशेजारी स्टुलावर एक टकला सहायक बसला होता. त्याने मूठ वर धरली, हा तुमचा मुलगा म्हणून सांगितलं, आणि दुसऱ्या हाताने पाठ खाजवू लागला. आईबाईंनी मुठीकडे पाहिलं. तीच नजर! डोळे भरले, ओठ थरथरले. मुलाने जांभई दिली.

चष्मेवाल्याचा जीव भांड्यात पडला. घरी येईपर्यंत तो एकटाच हसत होता. संध्याकाळी त्याला वाढून ती समोर बसली, दमलात का म्हणाली, आणि त्याच नजरेने बघू लागली. हातातला घास त्याने परत ताटात ठेवला. मुठीकडे बघून जिला रडू येतं, तिला नवऱ्याकडे असं बघायला काय लागतं?

“तू माझ्याकडे असं बघतेस ते खरं, की तेही कामच?” त्याने विचारलं.

“डोळ्यांपुढे कुणीही असू दे,” ती म्हणाली, “मला तुम्हीच दिसता.”

इतकं घडीव वाक्य! घरात कोण असं बोलतं? हे कुणीतरी लिहून दिलेलं, तिने कुठल्यातरी चित्रपटात म्हटलेलं, याबद्दल त्याची खात्रीच झाली.

तेव्हापासून तो चित्रपट कानांनी बघू लागला. ती पडद्यावर सासू झाली, आजी झाली. नवे-जुने सगळे चित्रपट त्याने ऐकले, ते वाक्य काही सापडेना. पुढे ती आजारी पडली आणि गेली. तिचा एकच चित्रपट राहिला होता, तो लग्नाआधीचा. त्याच्या प्रती आगीत जळाल्या होत्या, आणि त्याबद्दल ती कधी फारसं बोललीही नव्हती. म्हणजे त्यातच असणार! ज्याने तो थिएटरात चालवला होता, त्या म्हाताऱ्या ऑपरेटरला चष्मेवाल्याने अखेर हुडकून काढलं. नायिकेची बहीण त्यात काय काय बोलते, असं विचारलं.

“ती? मुकी होती हो ती त्यात,” ऑपरेटर म्हणाला. “अख्ख्या चित्रपटात तिच्या तोंडी एक अक्षर नाही.”

चष्मेवाला घरी येऊन जेवायच्या जागी बसला. ते वाक्य तिला कुणीच लिहून दिलं नव्हतं. त्या संध्याकाळी ते ऐकून आपण काय म्हणालो होतो, हे तो आठवू लागला, आणि ते लगेच आठवलं. आपण मीठ मागितलं होतं.