हळदीच्या मांडवात पासवर्ड

आता तुम्ही हसणार, मला माहीत आहे. हसा, पण आधी चहाचा कप खाली ठेवा. माझी शोभा झाली ती साधीसुधी नाही, मामेबहिणीच्या हळदीत, भर मांडवात झाली.

मी जळगावात एका दातांच्या दवाखान्यात रिसेप्शनला असते. आमच्या मॅडमनी पेशंटच्या सगळ्या फायली कॉम्प्युटरवर चढवल्या आणि मला दम भरला, "पेशंटची माहिती म्हणजे त्याची अब्रू. पासवर्ड बाहेर जाता कामा नये."

मी म्हटलं, असा ठेवू की आपण विसरायलाच नको. आणि ठेवला, इंग्रजी अक्षरांत, 'सांगणार नाही'. आहे की नाही मी हुशार?

धुळ्याला हळदीत नाचत होते, डीजे दणाणत होता, तेवढ्यात मॅडमचा फोन. चाळीसगावच्या सुमनअक्का खुर्चीत बसलेल्या, गाल टम्म सुजलेला. मागे कुठल्याशा इंजेक्शनने त्यांच्या अंगावर गांधी उठल्या होत्या. त्याचं नाव फायलीत. ते बघितल्याशिवाय मॅडम सुई लावायला तयार नाहीत. आणि स्वतःचा पासवर्ड त्या केव्हाच विसरलेल्या.

"तुझा पासवर्ड सांग पटकन."

"सांगणार नाही."

"शाब्बास, शिकवलेलं लक्षात आहे. पण आता सांग."

"मॅडम, तेच तर सांगतेय. सांगणार नाही."

मॅडम म्हणाल्या, "सुट्टी देताना कुरकुर केली, त्याचा राग काढतेस का गं?"

"नाही हो! सगळं जोडून लिहा. मध्ये जागा नाही."

"मनात जागा नाही? माझ्यासाठी?"

डीजेने घात केला. अक्कांनी मॅडमच्या हातातून फोन घेतला.

"पोरी, मन्हा दात ठणकी ऱ्हायना. काय मांगस ते देसू, पन सांगी दे ना वं."

मला रडूच फुटलं. तिकडे अक्का कळवळताहेत आणि इकडे मी खरं सांगून खोटी पडतेय. हळदीने माखलेली मी मांडवाच्या टोकाला पळाले आणि बेंबीच्या देठापासून ओरडले, "मॅडमना म्हणावं, 'सांगणार नाही' हाच पासवर्ड आहे!"

डीजेवाल्याने गाणं बदलायला नेमका तोच क्षण निवडला.

फाईल उघडली. मॅडम म्हणाल्या, "मिळालं नाव. अक्कांना दुसरं इंजेक्शन देते." माझा जीव भांड्यात पडला. वळून बघते तर मावशा, मामा, आचारी, सगळा मांडव माझ्याकडे टक लावून बघतोय.

मी हात जोडले. "लोकांच्या अब्रूचा प्रश्न आहे हो. कुणाला सांगू नका."

सगळे एका सुरात म्हणाले, "सांगणार नाही."

फोन चालूच होता. मॅडम शांतपणे म्हणाल्या, "त्यांना म्हणावं, येऊन दवाखान्याच्या किल्ल्याही घेऊन जा."