पत्राच्या डोक्यावरचा ‘श्री’

मंडळी, सकाळी नातीला मेसेज केला, “पोचलीस का गं पुण्याला?” उत्तर आलं, ‘K’. एकच अक्षर! टायपायला हात दुखतात का हिचे?

चिडलो, आणि आई आठवली. पन्नास सालच्या सुमाराला आम्ही ठाण्यात टेंभी नाक्याला राहायचो. आईला वाचता यायचं नाही. मामाचं कार्ड आलं की ती आधी वरचा ‘श्री’ शोधायची. निधनाच्या पत्रावर तो लिहीत नसत. दिसला की म्हणायची, “आहेत रे सगळे. आता वाच सावकाश.”

एकदा तिने कार्ड मला वाचायला दिलंच नाही. पदराआड धरून नुसती उभी राहिली.

तुमच्या घरी होतं का असं एखादं अक्षर?

मी मघाशी तो ‘K’ पुन्हा उघडून बघितला. पोचली पोरगी.