टँकर क्वचित येतो

"जाधव सर अचानक गेले," असा सांगलीला फोन आला, तेव्हा रडू यायच्या आधी मला प्रश्न पडला... अचानक कसे? दोन वर्षं ते अंथरुणाला खिळून होते. फोन करणाऱ्या त्यांच्या भाच्याला असं विचारणं बरं दिसलं नसतं, म्हणून गप्प बसले. पण ही खोड मला सरांनीच लावली. इंग्रजीतलं क्रियाविशेषण मी त्यांच्याकडेच शिकले.

सर मूळचे औंधचे. जत तालुक्यातल्या आमच्या गावी बदली होऊन आले नि तिथलेच झाले. घरात आम्ही कानडी बोलायचो, शाळेत मराठी, त्यात ही तिसरी भाषा. सर फळ्यावर 'ही वॉक्स' एवढंच लिहायचे आणि कुणाला तरी वर्गात चालायला लावायचे. तो रेंगाळला की आम्ही ओरडायचो, 'स्लोली'. छाती काढून चालला की, 'प्राउडली'. मग यायचे ऑलवेज, ऑफन, सेल्डम, नेव्हर. नेहमी, बऱ्याचदा, क्वचित, कधीच नाही. हे चालून दाखवता येईनात. "हे आधी आठवून बघायचं," सर म्हणायचे, "मगच तोंडातून काढायचं."

मी नववीत असताना गावातलं पाणी पार आटलं. टँकर कधी आठ दिवसांनी यायचा, कधी दहा. तालुक्याला आलेल्या नव्या साहेबांना मराठी येत नव्हती, म्हणून अर्ज इंग्रजीत करायचं ठरलं आणि सगळे सरांच्या ओट्यावर जमले. अक्षर बरं म्हणून लिहायला मी. सरांनी सांगितलं, लिही, टँकर सेल्डम येतो.

"म्हंजी काय वं?" सरपंच आप्पांनी विचारलं.

"क्वचित येतो."

"आवं सर, क्वचित कशाला? कवाच येत न्हाई असं लिवा की! शेजारच्या गावानं तसंच लिवलंय."

"मंगळवारी आला होता, आप्पा. तुमचाच हंडा पहिला होता."

लोक हसले. आप्पा हसले नाहीत.

अर्ज तसाच गेला. शेजारच्या गावाला रोज टँकर सुरू झाला, आमच्याकडं मात्र ये रे माझ्या मागल्या. आई लांबच्या विहिरीवरून पाणी आणायची आणि सरांच्या दारावरून जाताना तोंड फिरवायची. मीही त्यांच्याशी बोलेनाशी झाले. खरं सांगते, फार राग आला होता. एका शब्दापायी गावाला तहानलेलं ठेवतो, तो कसला शहाणा माणूस? पाऊस पडल्यावर लोक हळूहळू निवळले. पुढं मी सांगलीत इंग्रजीची शिक्षिका झाले, सरांकडं जाणंयेणंही पुन्हा सुरू झालं, पण हे विचारायचं धाडस झालं नाही... तेव्हा त्यांना काहीच वाटलं नसेल?

दहाव्याला गेले, तेव्हा सरांच्या बायकोला, काकूंना, शेवटी विचारलंच. त्या उठल्या आणि कपाटातल्या वहीतून एक घडी घातलेला कागद काढून माझ्या हातात दिला. अर्जच होता, पण सरांच्या अक्षरात. मजकूर तोच, तारीख पंधरा दिवसांनंतरची, आणि 'सेल्डम'च्या जागी 'नेव्हर'. खाली सहीसुद्धा.

"मीच लय भांडले हुते," काकू म्हणाल्या. "बायांचं हाल बघवंनात. तवा लिवला त्यांनी. यष्टीत बसून जतला गेलं बी. आन् दुपारच्याला तसाच घिऊन परत आलं."

"का?"

"त्ये मला न्हाई सांगितलं." मग म्हणाल्या, "दुसऱ्या दिसापास्नं मातर आमचा हंडा रांगंत सगळ्यांच्या मागं ठिवाय लागलं. दोनदा तर टँकर आमच्यापतोर पुरलाच न्हाई."

आम्ही दहा घागरी भरून नेत होतो, तेव्हा रांगेच्या टोकाला सर उभे असणार. मी कधी मागं वळून बघितलंच नव्हतं. आता तो कागद हातात धरून मी रडले.

कागद परत करताना नीट पाहिला. घड्यांवर तो विरला होता, मधोमध आरपार भोक पडलं होतं. एकदाच घडी घालून ठेवलेला कागद असा होत नाही.