आधी पाय, मग भार

घरी कुणी पाहुणा आला की मुकादम आधी खुर्ची हाताने दाबून बघत आणि मगच "बसा" म्हणत. खुर्ची त्यांचीच, रोजच्या वापरातली, सकाळीच तिच्यावर बसून चहा प्यायलेले, पण नाही! दाबल्याशिवाय चैन पडायचं नाही. पाहुणा बिचारा अवघडून उभा. मग त्यांची बायको आतून ओरडे, "बसा हो, खुर्ची पास झाली!"

मुकादम परांच्या बांधायचे. इमारतीला गिलावा करायचा असो की रंग द्यायचा, बाहेरून पाइपांचा आणि फळ्यांचा जो सांगाडा उभा राहतो, ती परांची. लोक इमारत बघतात, परांचीकडे कोण बघतंय? काम संपलं की ती उतरते आणि बांधणाऱ्याचं नामोनिशाण उरत नाही. मुकादमांची सगळी हयात यात गेली. हाताखाली आलेल्या प्रत्येकाला त्यांनी एकच गोष्ट पढवली, आधी पाय, मग भार. फळीवर आधी नुसतं पाऊल टेकवायचं, दाबायचं, कान देऊन ऐकायचं, पाऊल मागे घ्यायचं. अंगाचा भार टाकायचा तो त्यानंतर. खालून ठेकेदार कितीही बोंबलो, त्याला बोंबलू द्यायचं.

हे खूळ काही जन्मापासूनचं नव्हतं. तरुणपणी मुकादम फळ्यांवरून चक्क धावायचे. त्यांचा एक जोडीदार होता, बुटका म्हणून सगळे त्याला ठेंगू म्हणत. दोघांचं असं गूळपीठ की एकमेकांना दोन शिव्या हासडल्याशिवाय जेवण जायचं नाही. एके सकाळी फळ्या तपासायची पाळी मुकादमांची होती. त्यांनी वरवर नजर फिरवली आणि म्हणाले, "चल रे." फळी वरून ठणठणीत आणि खालून कुजलेली. ठेंगू पुढे होता. मुकादमांनी हात टाकला, पण हाताला नुसता वारा लागला.

ही हकीकत त्यांनी बायकोलासुद्धा लग्नानंतर बऱ्याच वर्षांनी सांगितली, तीही भिंतीकडे तोंड करून. एवढं मात्र खरं, की त्यानंतर त्यांच्या परांचीवरून एकही माणूस पडला नाही. ही काय साधी गोष्ट झाली? कितीतरी घरांतली माणसं संध्याकाळी धडधाकट घरी आली ती मुकादमांच्या त्या खुळामुळे. त्यांना कुणी हसलं तर हे आधी लक्षात ठेवावं.

आता बायकोचं सांगायला हवं. ती पोस्टात, घरोघर टपाल वाटायच्या कामावर. सगळी वस्ती तिला टपालबाई म्हणे. बाईंच्या पायाला भिंगरी. खांद्याला पिशवी अडकवून एकदा निघाल्या की चढ म्हणू नका, उतार म्हणू नका, त्यांची चाल एकच, घड्याळ लावून घ्यावं अशी. निवृत्त झाल्यावरही त्यांचं चालणं सुटलं नाही. "पोस्टाने पगार बंद केलाय, पाय कुठे बंद केलेत?" असं म्हणून चपला घालायच्या. आणि दुपारी, मुलगी परगावी नोकरीला जाताना मागे ठेवून गेली होती तो व्हिडिओ गेम टीव्हीला जोडून खेळत बसायच्या. पिवळ्या टोपीचा एक बुटका माणूस, तो उड्या मारत खड्डे, करवती, झुलते खांब असलं काय काय ओलांडत जायचा. मुकादमांना ते पोरकट वाटे. ते पेपर तोंडासमोर धरून बसत, त्यांनी त्या पडद्याकडे कधी मान वळवून बघितलं नाही.

मग बाईंच्या डोळ्यांचं निघालं. काचबिंदू. डॉक्टर म्हणाले, "शस्त्रक्रिया लवकर करून टाका." मुकादम म्हणाले, "एकदा दुसऱ्याला विचारू." दुसरा तेच म्हणाला. मुकादम म्हणाले, "मोठ्या शहरात एक चांगला आहे म्हणतात." त्याची तारीख मिळेपर्यंत वाट बघितली, मग त्याने सांगितलेल्या तपासण्या झाल्या, मग त्या तपासण्या पहिल्याला दाखवल्या. आधी पाय, मग भार! अखेर शस्त्रक्रिया झाली तेव्हा डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं की गेलेली नजर परत येत नाही आणि राहिलेली किती टिकेल त्याचा भरवसा नाही. बाजूंचं सगळं गेलं होतं. कागदाची सुरळी डोळ्याला लावून बघावं तेवढंच समोरचं दिसे, आणि ती सुरळीही बारीक होत चालली होती.

बाईंनी यावरून नवऱ्याला एका शब्दाने दुखावलं नाही. तेच मुकादमांना खाई. ती चारदा ओरडली असती तर बरं झालं असतं.

बोलता येईना म्हणून त्यांनी हात चालवले. खोल्यांतून कमरेच्या उंचीवर दोऱ्या बांधल्या, न्हाणीघरात कठडा ठोकला, गच्चीच्या दाराला वरून कडी घातली. घर कसं, परांचीसारखं पक्कं! एकदा ते बाईंना फिरायला घेऊन निघाले. जिन्याच्या प्रत्येक पायरीवर आधी आपलं पाऊल दाबून बघणार, मग बाईंचं कोपर घट्ट धरून त्यांना उतरवणार. फाटकापर्यंत पोचेतो बाईंचा उत्साह मावळला. "चला परत," त्या म्हणाल्या. त्यानंतर त्यांनी बाहेर जायचं नावच काढलं नाही. चपला दाराशी तशाच पडून राहिल्या, आणि मुकादमांनी त्यांच्यावरची धूळ पुसून त्या फडताळात ठेवल्या.

एका सकाळी बाई म्हणाल्या, "अहो, माझं एक काम कराल?"

"सांग की."

"त्या गेमची शेवटची लेव्हल राहिलीय. फळ्यांचा पूल आहे, पलीकडे एक दार आहे. माझ्या नजरेने आता जमत नाही. दाराच्या मागे काय आहे ते बघायचंय मला, डोळे आहेत तोवर."

आता याला नाही कोण म्हणेल? मुकादमांनी गेमचा कंट्रोलर हातात घेतला. पाइप आवळून आवळून त्यांची बोटं अशी जाड झालेली, की एक बटण दाबायला जावं तर दोन दाबली जात. पहिले काही दिवस तर टोपीवाला नुसता भिंतीवर डोकं आपटत होता. बाई हसून बेजार. "अहो, त्याला घर पाडायला नाही आणलंय!" पण मुकादम चिवट. हळूहळू डावं-उजवं जमलं, उडी जमली, करवती चुकवणंही जमलं. अडलं ते फळ्यांपाशी.

हवेत अधांतरी टांगलेल्या फळ्या. त्यांची खोड अशी, की पाय लागला की क्षणभर थरथरायच्या आणि कोसळायच्या. एकीवरून दुसरीवर, दुसरीवरून तिसरीवर न थांबता धावत गेलं तर माणूस पार होतो. दुसरा कुणी असता तर उडी तोकडी पडून पडला असता. मुकादमांचं तसं नव्हतं, त्यांची उडी बेतशीर. ते टोपीवाल्याला फळीच्या कडेवर नेमका टेकवत आणि पटकन मागे घेत. फळी चाचपून झाली की मग खरी उडी! पण तोवर फळी गेलेली असे आणि टोपीवाला सरळ खाली.

"मागे का येता?" बाई म्हणत. "ती धरणार आहे. तिला हात लावून विचारू नका."

"सवय आहे गं."

"कळतंय. पण इथे विचारलं की ती जाते."

मुकादमांना पटे, आणि पुन्हा फळी आली की अंगठा आपोआप मागे येई. शिवाय आणखी एक गोष्ट होती, ती ते बोलत नव्हते. टोपीवाला पडताना हात वर करायचा. बुटका, हात वर केलेला, खाली खाली जाणारा. एका दुपारी असाच तो पडला आणि मुकादमांनी कंट्रोलर खाली ठेवला.

"मला बघवत नाही," ते म्हणाले.

बाईंना काय ते उमगलं. त्या हळूच म्हणाल्या, "हा मरत नाही हो. बघा ना, परत उभा राहिला."

"हा राहतो," मुकादम म्हणाले, आणि उठून गॅलरीत गेले. बाई त्यांच्या मागे गेल्या नाहीत. बऱ्याच वेळाने ते आपणहून परत आले, सोफा दाबून बघितला आणि बसले. कंट्रोलर उचलला.

त्यांचा जीव टांगणीला लागला होता. बाईंची सुरळी रोज बारीक होत होती. भाजी चिरताना आता त्या बोटांनी चाचपत, फोनवर मुलीचा चेहरा शोधायला फोन हलवत बसत. एकदा डोळ्यांसाठी आपण उशीर केला, आता या एवढ्याशा गोष्टीलाही उशीर करणार का? या विचाराने मुकादमांना अन्न गोड लागेना. मुलीचा फोन आला की बाई तिला कौतुकाने सांगत, "तुझे बाबा गेम खेळतात," आणि पलीकडून ती हसत सुटे. मुकादमांना हसू येत नसे.

शेवटी एका सकाळी बाई त्यांच्या शेजारी सरकून बसल्या आणि त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला. "फळीकडे बघूच नका," त्या म्हणाल्या. "माझ्या हाताकडे लक्ष द्या. थाप पडली की उडी." आणि त्या गुडघ्यावर थापट्या मारू लागल्या. ना हळू, ना भरभर, एकसारख्या. मुकादमांनी ती लय लगेच ओळखली. पिशवी खांद्याला लावून बाई निघाल्या की जिन्यावर हीच तर ऐकू यायची!

थाप, उडी. थाप, उडी. मागे फळ्या कोसळत होत्या, त्यांचा आवाज येत होता, अंगठा शिवशिवत होता. मुकादमांनी दात आवळले. ठेंगूचा चेहरा समोर आला तेव्हाही थाप चुकली नाही, म्हणून उडीही चुकली नाही. आणि एकदम पायाखाली न हलणारी जमीन लागली. समोर दार.

"अगं, झालं! आलो!" मुकादम ओरडले. उभ्या आयुष्यात ते घरात इतक्या मोठ्याने ओरडले नव्हते. "सरक, पुढे सरक, नीट बघ! दार उघडतंय!"

बाईंनी पडद्याकडे तोंडसुद्धा वळवलं नाही. त्या मुकादमांकडे बघत होत्या. "बाक आहे तिथे," त्या म्हणाल्या. "तो त्यावर बसेल. मग टोपी काढेल. टक्कल आहे त्याला."

दार उघडलं. बाक होतं. टोपीवाला बसला, त्याने टोपी काढली. टक्कल होतं.

मुकादमांनी वळून बाईंकडे बघितलं. "तू आधीच...?"

"केव्हाच. तुम्ही पेपर वाचत होतात."

मुकादमांचं डोकंच फिरलं. "मग हे काय मांडलं होतंस? इतके दिवस माझा जीव काढलास! मला वाटलं, तुझे डोळे..."

"डोळे जाणारच आहेत," बाई म्हणाल्या. "ते गेल्यावर मी कुणाचा हात धरून चालायचं? तुमचाच ना? आणि तुम्ही हे असे! पायरी दिसली की थांबणार, दगड दिसला की थांबणार. मी फाटकापलीकडे कधी जायचं, सांगा?"

मुकादमांनी कंट्रोलर बाजूला ठेवला. मग इतके दिवस जे भिंतीला सांगायचं धाडसही झालं नव्हतं ते त्यांनी बायकोच्या तोंडाकडे बघून सांगितलं. "माझ्यामुळे गेले तुझे डोळे. मी नुसता विचारत बसलो."

त्यांना वाटलं होतं, ती म्हणेल, छे हो, असं काय बोलता. बाई तसं म्हणाल्या नाहीत. त्यांचे डोळे भरून आले, आवाज मात्र सरळ होता.

"हो. तुमच्यामुळेच. मला राग आला होता, अजून येतो. पण गेलं ते गेलं. आता पाय तरी माझे मला राहू द्या."

पडद्यावर टोपीवाला अजून बाकावर बसून होता. मुकादम उठले, फडताळ उघडलं, चपला काढल्या आणि बाईंच्या पायांपाशी ठेवल्या.

"कुठे जायचं?" त्यांनी विचारलं.

"चढावरच्या टपालपेटीपर्यंत."

जिन्याच्या तोंडाशी बाईंनी मागून त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. मुकादमांचं पाऊल पहिल्या पायरीवर टेकलं, दाबलं, आणि सवयीने मागे यायला निघालं. खांद्यावर थाप पडली. मुकादमांनी भार टाकला आणि चालू लागले.