पेनड्राइव्हमधलं शेत

माझ्या मोठ्या बहिणीला आम्ही बाई म्हणायचो. तिला सिकलसेल हा रक्ताचा आजार होता. हाडं ठणकायला लागली की तिला जेवणाचं ताटसुद्धा उचलवत नसे. रोवणीच्या दिवसांत गावातल्या सगळ्या पोरी धानाच्या बांधीत उतरायच्या, आणि हिला थंड पाण्यात पाय घालायचीही बंदी. त्याचा राग ती माझ्यावर काढायची.

मोबाइलवरचा शेतीचा एक खेळ तिला भारी आवडला. पण दहा मिनिटं बोटं फिरवली की सांधे दुखायचे. मी तेव्हा आरमोरीला एका कार्यालयात कॉम्प्युटर ऑपरेटर होतो. शनिवारी लॅपटॉप घरी आणायची मुभा होती, मात्र त्यात काही इन्स्टॉल करायचं तर साहेबांचा पासवर्ड लागे. शोधाशोध करून मी एक पोर्टेबल एम्युलेटर मिळवला. इन्स्टॉल करायची भानगड नाही, फोल्डर उघडलं की लॅपटॉपच्या पडद्यावर मोबाइल हजर. कीबोर्डच्या कळांना मी कामं वाटून दिली, एक नांगराला, एक पाण्याला, एक कापणीला. उशीला टेकून बाई एका बोटाने शेती करू लागली.

"गहू आहे, मका आहे, अन् धानच नाई. कायचा खेळ आहे रे हा?" असं म्हणत म्हणत तिने दोन वर्षांत अठरा गायी पाळल्या. सगळ्यात आधी बोडी खोदली होती. तळ्याशिवाय शेत तिला पटतच नव्हतं. आई हसायची, "आता हे मालगुजारीन झाली."

मग बाई गडचिरोलीच्या दवाखान्यात भरती झाली. त्याच आठवड्यात कार्यालयात नवे लॅपटॉप आले आणि जुने संध्याकाळपर्यंत जमा करायचे होते. फोनवर ती म्हणाली, "बाकी काही होवो, माझं शेत तेवढं ठेवजो." मी घाईघाईत डेस्कटॉपवरचं चिन्ह पेनड्राइव्हमध्ये टाकलं आणि मोकळा झालो. ते चिन्ह म्हणजे नुसता शॉर्टकट, फोल्डर मागेच राहिलं. दिवसभर लोकांच्या फायली कॉपी करून देणारा माणूस मी, माझ्या हातून हे व्हावं! लक्षात आलं तोवर जुन्या लॅपटॉपमधलं सगळं पुसून टाकलं होतं. गावात नेट धड चालत नसल्याने खेळ कुठल्या खात्यालाही जोडलेला नव्हता.

तिला सांगायची माझी छाती झाली नाही. खाटेवरून ती विचारायची, "गायी दोहल्या?"

"दोहल्या."

"मका?"

"कापला ना, बाई."

मग एके संध्याकाळी ती म्हणाली, "उद्या लॅपटॉप आणजो. एकडाव पाहू दे मले."

दुसऱ्या दिवशी सकाळी आईला तिच्याजवळ बसवून, काम आहे म्हणून मी घरी आलो. वाटेत कार्यालयात थांबून नव्या लॅपटॉपवर एम्युलेटर आणि खेळ उतरवून घेतला होता. घरी नवं शेत सुरू केलं. दोन वर्षांचं शेत एका दिवसात उभं राहत नाही, हे काय मला कळत नव्हतं? पण निदान बोडी आणि दोन गायी तरी दिसाव्यात. बाकीच्या रोगाने मेल्या म्हणणार होतो. दुपारी फोन वाजला. मका नेमका कापायला आला होता, म्हणून मी उचलला नाही. पुन्हा वाजला तेव्हा उचलला.

"गेली रे ते," आई म्हणाली. "तुले बलावून राह्यली होती. कुठी होता तू?"

मी लॅपटॉप मिटला आणि निघालो. आईनेच मग आपल्या मनाशी ठरवून टाकलं की मी रक्ताची सोय करायला गेलो होतो. घरी कोणी आलं की आजही ती सांगते, "शेवटच्या दिवशी पोरगा बहिणीसाठी रक्त शोधत वणवण फिरला." आणि मी तिथेच बसून ते ऐकतो.